चार सेकंदांची माणसे

३५ मिलिमीटरच्या फिल्मवर एखादे माणूस चार सेकंद दिसले, तर ते सहा फूट फिल्म व्यापते. सेकंदाला चोवीस चौकटी आणि फुटाला सोळा, असा हा हिशेब आहे. डोक्यावर पाटी घेतलेली बाई पडद्याच्या डाव्या कडेने येते, कॅमेऱ्याकडे एकदा बघते, पदर सारखा करते आणि उजव्या कडेने निघून जाते. सहा फुटांत तिचे काम संपते. मग रीळ डब्यात जाते, डबा कपाटात जातो आणि नोंदवहीत एक ओळ लिहिली जाते: ‘ग्रामीण स्त्रिया, कोकण’. चाळीस-पन्नास वर्षांनी कुणी तेच सहा फूट दारिद्र्यावरच्या माहितीपटात लावतो, कुणी विकासाच्या, कुणी मतदानाच्या जाहिरातीत. बाई तीच असते. तिला तेव्हाही कुणी विचारले नव्हते आणि नंतरही नाही. ती कोण, कुठल्या गावची, पाटीत काय होते, हे लिहायला अर्धी ओळ पुरली असती.

या पुस्तकाचा विषय ती अर्धी ओळ आहे. नवी मुंबईच्या गावठाणांतल्या काही जणांनी जुने माहितीपट, समाचारचित्रे, दूरदर्शनचे कार्यक्रम आणि घरोघरच्या कॅसेटी पाहून, त्यांत दिसणाऱ्या साध्या माणसांविषयी जे लिहिले ते इथे एकत्र केले आहे. प्रस्तावना लिहायला मी आनंदाने होकार दिला, कारण हे काम आत्ता झाले नाही तर पुढे कुणालाही करता येणार नाही, याची मला खात्री आहे. १९७० च्या सुमारास जी मुले दहा-बारा वर्षांची होती ती आज पासष्टी ओलांडून गेली आहेत. त्या वेळच्या तरण्याताठ्या माणसांना चेहऱ्यावरून, चालीवरून ओळखू शकेल अशी ही शेवटची पिढी आहे.

मराठी माणसाला चित्रपटाच्या सुरुवातीची गोष्ट अभिमानाने सांगता येते. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावे दादा, यांनी लंडनहून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये लावलेली कुस्ती चित्रित केली. भारतीय माणसाने केलेले हे पहिले चित्रीकरण मानले जाते. लढले ते पुंडलिक आणि कृष्णा न्हावी. ही दोन नावे सव्वाशे वर्षे टिकून आहेत. त्याच सुमारास सावे दादांनी माकडांचा खेळ करणाऱ्या एका माणसाचेही चित्रीकरण केले. त्याचे नाव टिकले नाही. १९०१ मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले, तेव्हा त्यांच्या स्वागतासाठी मुंबईत जमलेल्या लोकांसमोर सावे दादांनी पुन्हा कॅमेरा उभा केला. परांजप्यांचे नाव इतिहासात आहेच, स्वागताला आलेले मात्र ‘जमाव’ झाले. कुणाचे नाव लिहायचे आणि कुणाला नुसते मोजायचे, ही सवय आपल्याकडे चित्रफितीच्या पहिल्या दोन-तीन वर्षांतच लागली. त्या फिती आज उरलेल्या नाहीत, म्हणून तो मदारी कोण होता हे आता कळायचा मार्ग नाही.

याच काळात इंग्लंडमध्ये वेगळा प्रकार चालू होता आणि तो लक्षात ठेवण्यासारखा आहे. ब्लॅकबर्न गावचे मिचेल आणि केन्यन हे दोघे कारखान्याच्या फाटकाशी कॅमेरा लावत, पाळी सुटून बाहेर पडणारे कामगार टिपत आणि ती फीत गावातल्या जत्रेत तंबूत दाखवत. लोक तिकीट काढून स्वतःला बघायला येत. ‘तो बघ आपला भाऊ’ अशा आरोळ्या ठोकण्यासाठीच ते चित्रपट होते. १९९४ मध्ये त्यांच्या जुन्या दुकानाच्या तळघरात आठशेहून अधिक रिळे सापडली. ज्यांचा खेळ जगातला पहिला सार्वजनिक चित्रपट खेळ मानला जातो त्या ल्युमिएर बंधूंनीही १८९५ मध्ये स्वतःच्या कारखान्यातून सुटणारे कामगारच आधी टिपले होते. म्हणजे पडद्यावर पहिल्यांदा साधी माणसेच आली. मिचेल आणि केन्यन यांच्याकडे चित्र आणि चित्रातले माणूस यांची गाठ पडत असे. आपल्याकडे ती गाठ फार क्वचित पडली.

फिल्म्स डिव्हिजन १९४८ मध्ये सुरू झाले. मुख्य चित्रपटाच्या आधी त्याचे समाचारचित्र किंवा माहितीपट दाखवणे चित्रपटगृहांना सक्तीचे होते, त्यामुळे दोन-तीन पिढ्यांच्या कानात तो निवेदकाचा भारदस्त आवाज अजून आहे. आठ हजारांहून अधिक चित्रपटांचा हा साठा आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे आहे. देशातल्या साध्या माणसांचे हलते चित्र इतक्या प्रमाणात दुसऱ्या कुणी जमवलेले नाही, हे श्रेय त्या संस्थेला द्यायलाच हवे. भाक्रा धरणावरचा मजूर, देवीची लस टोचून घेणारे पोर, बैलगाडीतून मतदानाला निघालेली म्हातारी, हे सगळे तिथे आहे. पण त्यांचा आवाज नाही. प्रत्यक्ष जागेवर चित्राबरोबर आवाज टिपणे खर्चाचे आणि किचकट होते, म्हणून चित्र मुके घेतले जाई आणि मुंबईच्या स्टुडिओत त्यावर निवेदन चढवले जाई. शेतकऱ्याला काय वाटते ते निवेदक सांगे. ‘आय अ‍ॅम ट्वेंटी’ या १९६७ च्या चित्रपटात एस. एन. एस. शास्त्री यांनी स्वातंत्र्याबरोबर जन्मलेल्या, वीस वर्षांच्या मुलामुलींना स्वतः बोलू दिले, तेव्हा केवढा फरक पडतो ते दिसले. फली बिलिमोरिया यांनी तर ‘द हाउस दॅट आनंदा बिल्ट’ या ओडिशातल्या कुटुंबावरच्या चित्रपटाच्या नावातच घरधन्याचे नाव घातले. असे अपवाद मोजके.

नावे गळतात कुठे, हे समजून घ्यायला एक साधा कागद पाहावा लागतो. समाचारचित्राचा कॅमेरामन रिळाबरोबर एक कागद भरून पाठवत असे. धंद्यात त्याला डोप शीट म्हणतात. ठिकाण, तारीख, रिळाचा क्रमांक, दृश्यांचा क्रम आणि चित्रात दिसणाऱ्या महत्त्वाच्या व्यक्तींची नावे, डावीकडून उजवीकडे. मंत्री, जिल्हाधिकारी, सरपंच अशी ओळ लागे आणि शेवटी ‘ग्रामस्थ’ असा एक शब्द येई. संकलक या कागदावरून काम करी, निवेदन लिहिणारा या कागदावरून लिही, ग्रंथपाल या कागदावरून सूची करी. कागदावर जे नसे ते पुढे कुठेच येत नसे. यात कॅमेरामनला दोष द्यावा असे मला वाटत नाही. त्याला संध्याकाळच्या गाडीने रीळ मुंबईला पाठवायचे असे. पण ‘ग्रामस्थ’ या शब्दाखाली उभी असलेली माणसे आपापल्या नावाने गावात राहत होती, आणि त्यांतली कित्येक अजून राहतात.

नवी मुंबईच्या बाबतीत हा एक शब्द फार महाग पडला. चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी १९६५ मध्ये ‘मार्ग’ नियतकालिकात खाडीपलीकडे नवे शहर वसवण्याची कल्पना मांडली. त्यासाठी १७ मार्च १९७० रोजी सिडको हे सरकारी महामंडळ स्थापन झाले. ठाणे, पनवेल आणि उरण तालुक्यांतली ९५ गावे आणि सुमारे ३४४ चौरस किलोमीटर क्षेत्र आराखड्यात आले. १९७५ मध्ये खुद्द कोरियांनी फिल्म्स डिव्हिजनसाठी ‘सिटी ऑन द वॉटर’ हा माहितीपट केला. मुंबईची कोंडी आणि तिच्यावर उतारा म्हणून पाण्यापलीकडचे शहर, हा त्याचा विषय. एका वास्तुरचनाकाराने तळमळीने केलेला तो चित्रपट आहे आणि मुंबईच्या फुटपाथवर झोपणाऱ्या माणसाचा विचार त्यामागे आहे, यात शंका नाही. पण त्यातला प्रश्न मुंबईचा होता. उत्तर ज्या गावांच्या जमिनीवर लिहायचे होते, ती गावे त्या प्रश्नाच्या कडेलाच राहिली. आराखड्याच्या नकाशांत तर ती जमीन मोकळीच दिसे.

मोकळी ती कधीच नव्हती. खाडीचे खारे पाणी अडवायला पिढ्यान्‌पिढ्या घातलेले बांध होते, त्यांना पाणी सोडण्याच्या उघाड्या होत्या, आत भाताची खाचरे होती. भरती-ओहोटीच्या हिशेबाने चालणारी मिठागरे होती. दिवाळे, सारसोळे, वाशीगाव इथल्या कोळ्यांच्या होड्या होत्या. बांध फुटला की सगळे गाव चिखलात उतरून तो भरी. आगरी आणि कोळी माणसाच्या अंगमेहनतीने बनवलेली जमीन होती ती. अशा ठिकाणी १९७२ च्या एखाद्या फितीत चिखलाची ढेकळे हातोहात पुढे देणारी माणसांची रांग दिसली, तर ते दृश्य नुसते ‘ग्रामीण जीवन’ राहत नाही. ही जमीन कुणी राखली, याची ती साक्ष असते.

माझ्या मते या सगळ्या विषयाचे मर्म याच्या पुढे आहे. भूसंपादनाचा सारा कारभार सातबाऱ्यावर चालला. ज्याचे नाव उताऱ्यावर त्याला नोटीस, त्याला मोबदला, पुढे त्याला साडेबारा टक्क्यांचा भूखंड. उताऱ्यावर नाव बहुधा घरातल्या कर्त्या पुरुषाचे. लावणी करणारी बाई, मिठागरावर फळी ओढणारा मजूर, खाडीवर जगणारा कोळी, दुसऱ्याच्या शेतावर राबणारा आदिवासी, यांचे जमिनीशी आणि पाण्याशी असलेले नाते कागदावर धड कुठेच नव्हते. ते सिद्ध करता करता त्यांच्या चपला झिजल्या. आणि कॅमेऱ्याला मात्र नेमकी हीच माणसे आवडली. वाकलेल्या पाठी, डोक्यावरच्या पाट्या, मिठाच्या पांढऱ्या राशींवर चालणाऱ्या बाया. चित्र छान येते म्हणून टिपलेली ती माणसे आज दुसरा कुठलाही पुरावा नसलेल्या श्रमाचा पुरावा ठरतात. सातबाऱ्यावरचा मालक फितीत क्वचित दिसतो. फितीत जी सारखी दिसते तिचे नाव सातबाऱ्यावर नाही. हे दोन दस्तऐवज शेजारी ठेवल्याशिवाय या शहराचा इतिहास पुरा होत नाही, आणि दुसरा दस्तऐवज वाचायला नावे लागतात.

या भूसंपादनाच्या प्रश्नावर दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली शेतकरी जासईच्या परिसरात रस्त्यावर उतरले, त्याला आता चार दशके होऊन गेली. १६ आणि १७ जानेवारी १९८४ च्या गोळीबारात पाच जण हुतात्मे झाले. संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड परत देण्याचे तत्त्व त्या लढ्यातून आले, आणि पुढे राज्यात इतरत्रही प्रकल्पग्रस्तांच्या मागण्यांना त्याचा आधार मिळाला. हुतात्म्यांची नावे स्मारकावर आहेत, दरवर्षी त्यांना वंदन होते. त्यांच्या अवतीभोवती उभी असलेली हजारो माणसे, ज्यांत पोरे कडेवर घेतलेल्या बायाही होत्या, ती कुठल्याही फलकावर मावणार नाहीत. पण कुठे एखाद्या छायाचित्रात, एखाद्या फितीत ती दिसली, तर विचारल्यावर गाव अजून नावे सांगू शकते.

गाव ती कशी सांगते, हे मी एका बैठकीत पाहिले. देवळाच्या मंडपात चादर टांगून मिठागराची काही जुनी दृश्ये दाखवली होती. मला वाटले होते की लोक चेहरे बघतील. म्हाताऱ्या बायांनी चेहऱ्याकडे आधी पाहिलेच नाही. त्यांनी बांध ओळखला, बांधावरची भेंडीची झाडे ओळखली, मागच्या डोंगराची सोंड कुठल्या बाजूला उतरते त्यावरून गाव नक्की केले. मग एकीने एका बाईकडे बोट दाखवले. ‘ही आपल्या गावची नाय. पाटी बघ कशी धरलीय तिने.’ लुगड्याची नेसण, पाटीला लावलेला हात, चालताना पाऊल टाकायची ढब, यावरून तिने शेजारच्या गावाचे नाव घेतले. पुढे एक चेहरा आला तेव्हा पुरुषांनी पटापट सांगितले: अमक्याची सून, तमक्याची बायको. त्या बाईचे स्वतःचे नाव कुणालाच आठवेना. बऱ्याच वेळाने मागे बसलेल्या एका आजींनी ते सांगितले, माहेरचे आणि सासरचे दोन्ही. दोघी एका उन्हाळ्यात एकाच मिठागरावर होत्या. आजी म्हणाल्या, तिला गाणी फार यायची. फितीत ती तोंड हलवताना दिसत होती. आवाज नव्हता, पण मंडपातल्या सगळ्यांना एकदम कळले की ती गात आहे.

या पद्धतीचे काम जगात इतरत्रही झाले आहे, आणि त्यातले एक उदाहरण मला इथे सांगितलेच पाहिजे. १९३८ मध्ये अमेरिकेहून युरोपच्या सहलीला गेलेल्या डेव्हिड कर्ट्झ यांनी पोलंडमधल्या नाशेल्स्क या गावात सुमारे तीन मिनिटांची फीत घेतली. वर्षभरात महायुद्ध आले. गावातले जवळजवळ सगळे ज्यू मारले गेले, शंभरही उरले नाहीत. २००९ मध्ये नातू ग्लेन कर्ट्झ यांना ती फीत फ्लोरिडातल्या एका कपाटात सापडली, पार खराब झालेली. त्यांनी ती वॉशिंग्टनच्या होलोकॉस्ट स्मारक संग्रहालयाला दिली, संग्रहालयाने दुरुस्त करून लोकांपुढे ठेवली, आणि अमेरिकेतल्याच एका बाईने त्यात तेरा वर्षांचा मुलगा बघून आपल्या आजोबांना ओळखले. आजोबा हयात होते. त्यांनी मग एकेक चेहरा, एकेक टोपी उलगडून सांगितली. दुकानाच्या अस्पष्ट पाटीवरची अक्षरे लावायला, झाडे कुठली ते ठरवायला लोकांनी महिने घातले. ब्यांका स्टिग्टर यांनी २०२१ मध्ये त्या तीन मिनिटांवर तासाभराचा माहितीपट केला. फितीत दीडशेच्या आसपास माणसे आहेत. नावे मिळाली ती मोजक्याच जणांची. इतक्या कष्टांनंतर मोजकीच, हे वाचून मला आपल्याकडची घाई जास्त जाणवली. आपली गावे जागेवर आहेत, माणसे आहेत, आठवण आहे. नाशेल्स्कच्या लोकांना जे मिळाले नाही ते सगळे आपल्याजवळ आहे.

आपल्याच माणसांनी आपला इतिहास टिपल्याचे उदाहरण महाराष्ट्रात आहे. ७ डिसेंबर १९५६ रोजी मुंबईत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांची अंत्ययात्रा निघाली, तेव्हा नामदेव व्हटकर यांनी पदरचा पैसा घालून तिचे चित्रीकरण केले. सरकारी यंत्रणेची वाट पाहिली नाही. त्या गर्दीत लांबलांबून मिळेल त्या गाडीने आलेली माणसे आहेत, आणि आपला आजा त्या दिवशी दादरला होता असे सांगणारी घरे महाराष्ट्रभर आहेत. त्या घरांनी ती दृश्ये सावकाश, थांबवत थांबवत पाहावीत, आणि कुणी ओळखीचे दिसले तर लिहून ठेवावे, असे मला फार वाटते.

मात्र नाव शोधण्याच्या उत्साहात एक गोष्ट सुटता कामा नये. कॅमेऱ्यात आलेल्या प्रत्येकाला ओळख हवीच असते असे नाही. आनंद पटवर्धन यांच्या ‘हमारा शहर’ या १९८५ च्या माहितीपटात मुंबईतल्या झोपड्या पाडल्या जात असताना एक बाई थेट चित्रपटकर्त्यालाच धारेवर धरते. गरिबांची चित्रे काढून तुम्ही नाव कमावणार, आम्हाला त्याचे काय, असा तिच्या बोलण्याचा रोख आहे. पटवर्धनांनी ते दृश्य कापले नाही, हे त्यांचे मोठेपण. तिचा प्रश्न जुन्या फितींना आणि त्या धुंडाळणाऱ्या आपल्यालाही लागू आहे. कुणी नसबंदीच्या शिबिरात रांगेत दिसते, कुणी दुष्काळी कामावर खडी फोडताना, कुणी पोलिसांच्या गाडीत. ते चित्र नातवंडांच्या मोबाइलवर फिरावे असे त्यांना वाटेलच असे नाही. या पुस्तकाच्या लेखकांनी प्रत्येक नावाआधी त्या माणसाला, ते नसेल तर घरच्यांना विचारले आहे. ज्यांनी नको म्हटले त्यांच्याविषयी फक्त काम आणि जागा लिहिली आहे, नाव नाही. हा निर्णय मला पूर्ण पटतो.

त्याच ‘हमारा शहर’मध्ये शाहीर विलास घोगरे गातात. जुलै १९९७ मध्ये घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले, त्यानंतर चार दिवसांनी घोगरे यांनी आपले जीवन संपवले. त्या धक्क्यातून पटवर्धनांनी चौदा वर्षे चित्रीकरण करून ‘जय भीम कॉम्रेड’ केला. एका माहितीपटात काही मिनिटे गाणारा माणूस दुसऱ्या माहितीपटाचे कारण झाला. हे शक्य झाले कारण चित्रपटकर्त्याला तो नावाने, घराने, गाण्याने ठाऊक होता. नोंदवहीत ‘लोकगायक, मुंबई’ एवढेच लिहिलेले असते तर ती वाट बंद होती.

दूरदर्शनबद्दल थोडे. मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. ‘आमची माती, आमची माणसं’ या कार्यक्रमाने शेतकऱ्याला त्याच्या बोलीत बोलताना दाखवले, आणि निवेदकाच्या आवाजाखाली दबलेल्या माणसाला मोठाच मोकळेपणा मिळाला. पण टेप महाग होती. एकदा दाखवून झाले की तीच टेप पुसून पुन्हा वापरण्याची रीत जगभरच्या दूरचित्रवाणीत होती, आणि त्यात पहिला बळी साध्या माणसांच्या कार्यक्रमांचा जाई. फिल्मचेही भाग्य फार वेगळे नाही. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि प्रभातच्या काळातल्या कित्येक प्रती जळून गेल्या. अ‍ॅसिटेटच्या फिल्मला दमट हवेत आंबूस वास सुटतो, ती आक्रसते, वेटोळी होते. आपली सगळी आशा सरकारी कपाटांवर ठेवू नये, ती यासाठी.

खरे धन घरांत आहे, आणि त्याची कुणी मोजदाद केलेली नाही. १९८० नंतर खाडीकाठच्या गावांत व्हिडिओवाला आला. जमिनीचे पैसे हातात आलेल्या घरांनी हळदी आणि लग्ने चित्रित करून घेतली. त्या कॅसेटी आज लोक हसत बघतात, झगमगत्या फिरत्या अक्षरांसाठी आणि मागे लावलेल्या सिनेमाच्या गाण्यांसाठी. पण नीट पाहा. मांडवात धवलारीण बसली आहे. आगरी लग्न लावण्याचा मान तिचा, आणि धवले, म्हणजे लग्नाची गाणी, ती तोंडी गाते. तिच्यामागे विटांचे घर आहे, घरामागे खाचर, खाचरामागे खाडी. नवरदेव ओवाळून घेताना मागून एक म्हातारा टोपली घेऊन निघून जातो आणि त्याच्या टोपलीतून जिताड्याची शेपटी बाहेर आलेली असते. कुणीही ठरवून टिपलेले नाही असे सगळे गाव त्या तीन तासांत आहे. सरकारी माहितीपटात चार सेकंद मिळालेल्या बाईला इथे आख्खी दुपार मिळाली आहे, ती बोलते आहे, भांडते आहे, नाचते आहे, आणि व्हिडिओवाल्याला ‘बाजूला हो’ म्हणून दरडावते आहे. ज्या सन्मानाने तिला चित्रित केले जायला हवे होते, तो गावच्या व्हिडिओवाल्याने न कळत दिला.

या कॅसेटी मरत आहेत. खाडीच्या दमट हवेत टेपवर पांढरी बुरशी धरते आणि ती यंत्रात घातली की यंत्राचेही डोके घाण होते. जगातल्या शेवटच्या मोठ्या उत्पादकाने, जपानच्या फुनाई कंपनीने, व्हीसीआर बनवणे २०१६ मध्ये थांबवले. चालू यंत्र आणि ते दुरुस्त करणारा माणूस, दोन्ही मिळणे दर वर्षी अवघड होत आहे. गावठाणांची पुनर्बांधणी होते तेव्हा जुने कपाट भंगारात जाते आणि कॅसेटी त्याच्याबरोबर. नवी मुंबई महानगरपालिका १ जानेवारी १९९२ ला अस्तित्वात आली, पनवेलची २०१६ मध्ये. दोन्ही महापालिकांनी आपापल्या एखाद्या ग्रंथालयात एक चालू यंत्र, एक संगणक आणि एक जाणता माणूस बसवला, आणि लोकांना कॅसेट आणा, प्रत घेऊन जा असे सांगितले, तर काही वर्षांत एक मोठा संग्रह उभा राहील. मूळ कॅसेट घरच्यांचीच राहावी. याला फार खर्च येत नाही. सरकारी साठ्याकडूनही एक मागणे आहे: जुन्या दृश्यांना लावलेला विक्रीचा दर चित्रपट काढणाऱ्यांसाठी ठीक आहे, पण ज्याची आई त्या दृश्यात आहे त्याला ती काही सेकंदांची प्रत विनामूल्य मिळायला हवी.

आजच्या फितींविषयीही दोन शब्द लिहायला हवेत, नाहीतर हे पुस्तक केवळ भूतकाळाचे आहे असे वाटेल. नव्या विमानतळासाठी उलवे, तरघर, कोंबडभुजे, गणेशपुरी, चिंचपाडा, कोल्ही, कोपर, वाघिवली अशा दहा वस्त्यांची घरे उठली. ८ ऑक्टोबर २०२५ रोजी विमानतळाचे उद्घाटन झाले. घर सोडताना देव हलवले, तुळशीवृंदावन उचलले, शेवटचा दिवा लावला, तेव्हा लोकांनी मोबाइलवर ते टिपले. विमानतळाला दि. बा. पाटलांचे नाव द्यावे म्हणून १० जून २०२१ रोजी मानवी साखळी झाली, २४ जूनला सिडको भवनाला घेराव पडला, तेव्हाही हजारो मोबाइल सुरू होते. ड्रोनने वरून घेतलेली दृश्ये सगळ्यांनी पाहिली आणि त्यांत माणसे ठिपक्यांएवढी दिसतात. हातात हात धरून उभ्या असलेल्या शेजारणीने जे टिपले त्यात चेहरे आहेत, घाम आहे, घोषणेतला घोगरा आवाज आहे. ती दृश्ये फोनबरोबर हरवतात, मेमरी भरली की पुसली जातात. सत्तरच्या दशकात फीत होती आणि नाव नव्हते. आज नाव ठाऊक आहे आणि फीत टिकवायला कुणी नाही.

पुस्तक कसे वाचावे याविषयी थोडेसे. प्रत्येक नोंदीत सहा गोष्टी ठेवल्या आहेत: नाव, गाव, अंदाजे वर्ष, चित्रात चाललेले काम, ओळखणाऱ्याचे माणसाशी नाते आणि संमती कुणी दिली. एकाच चेहऱ्यावर दोन घरांनी हक्क सांगितला असेल तिथे दोन्ही नावे छापली आहेत, कुणालाही खोटे पाडलेले नाही. एकट्याने ओळखलेले नाव आणि दोघांनी वेगवेगळे विचारल्यावर जुळलेले नाव, यांत फरक केला आहे, आणि पुढच्या अभ्यासकाला तो उपयोगी पडेल. शेवटच्या भागात ज्यांची ओळख अजून पटलेली नाही अशांची वर्णने आहेत. एका मिठागराच्या दृश्यात डाव्या कानात मोठी बुगडी घातलेली, पुढचा दात पडलेली, साधारण चाळिशीची बाई आहे. तिच्या मागे अर्धवट शाकारलेले खोपट आहे आणि खोपटाच्या दाराशी एक लंगडे कुत्रे. करावे, दारावे, शिरवणे, घणसोली या गावांतल्या वडीलधाऱ्यांना ती दाखवून झाली आहे, उरण तालुक्यातल्या गावांना अजून नाही. घरी सत्तरीच्या पुढचे कुणी असेल तर ही पाने त्यांना वाचून दाखवावीत आणि ओळख पटली तर संपादकांना कळवावे. पुढच्या आवृत्तीसाठी जागा मोकळी ठेवली आहे.